चुलीचा कागद: गरीब घराचा जमाखर्च लिहून घेताना

"महिन्याचं उत्पन्न किती?" असं नवी मुंबईतल्या दिघ्याच्या डोंगरउतारावरच्या वस्तीत विचारलं की उत्तर येतं, "दहा-बारा हजार." शहापूरच्या पाड्यावर विचारलं की येतं, "कुठलं उत्पन्न?" दोन्ही उत्तरं खोटी नसतात, पण दोन्हींचा उपयोग शून्य. रोजच्या कामासाठी नाक्यावर उभ्या राहणाऱ्या बिगाऱ्याला महिना नसतो, दिवस असतो. पाड्यावरच्या माणसाला हंगाम असतो. महिना हा पगारदाराचा हिशेब. म्हणून ठाणे-बेलापूर पट्ट्यातल्या वस्त्या आणि शहापूर-मुरबाडचे पाडे अशा दोन्हीकडे कुटुंबांचे जमाखर्च लिहून घेताना आम्ही उत्पन्नाचा प्रश्न अगदी शेवटी ठेवतो. बहुतेक वेळा तो विचारायची गरजच उरत नाही. हे काम कसं चालतं ते इथे मांडलं आहे. आपल्या भागात असं काही करू पाहणाऱ्यांना त्यातलं हवं ते उचलता येईल.

सरकारी मोजणीसुद्धा उत्पन्नाच्या मागे लागत नाही, खर्च विचारते. वि. म. दांडेकर आणि नीलकंठ रथ यांनी १९७१ साली पुण्याच्या गोखले संस्थेतून देशातल्या दारिद्र्याचा हिशेब मांडला, तो पोटात पुरेसं अन्न जायला किती खर्च लागतो यावर: १९६०-६१च्या किमतींनी माणशी महिना खेड्यात १५ रुपये, शहरात साडेबावीस. १९७९मध्ये योजना आयोगाच्या अलघ गटाने खेड्यात २,४०० आणि शहरात २,१०० उष्मांक हे माप धरलं. २००९च्या तेंडुलकर समितीने उष्मांकांना बांधून राहणं सोडलं आणि शिक्षण, औषधपाणी यांचा खर्चही विचारात घेतला. त्या पद्धतीने २०११-१२ची महाराष्ट्राची दारिद्र्यरेषा खेड्यात माणशी महिना ९६७ रुपये आणि शहरात १,१२६ रुपये निघाली. म्हणजे खेडं सोडून शहरात आलेल्या पाच माणसांच्या घराला महिन्याला जास्तीचे ७९५ रुपये. एवढ्यात तेव्हाही दिघ्यात खोली भाड्याने मिळत नव्हती.

रेषेवरचं भांडण जुनं आहे आणि चालूच राहील. आमची अडचण वेगळी आहे. रेषेत कर्ज दिसत नाही. वाण्याकडून उधारीवर आणलेले पाच किलो तांदूळ आणि रोखीने आणलेले पाच किलो तांदूळ तिथे सारखेच मोजले जातात. राज्याराज्यांची तुलना करायला ते चालेल. एखाद्या घराची गरिबी कशाने आली आणि कशाने टिकून राहिली, हे शोधायचं तर तेवढ्याने भागत नाही.

सरकारी सर्वेक्षणाकडून एक गोष्ट मात्र जशीच्या तशी घ्यावी: आठवणीची मुदत. भाजीपाला, तेल, अंडी-मासळी, मसाला, चहा-नाश्ता, तंबाखू हे मागच्या सात दिवसांचं विचारायचं. धान्य, डाळ, साखर, जळण, भाडं, प्रवास मागच्या तीस दिवसांचं. कपडे, चपला, शाळेची फी, दवाखान्यात दाखल झाल्याचा खर्च, भांडी-पंखा-मोबाइल हे मागच्या वर्षाचं. सगळं एकाच मुदतीत विचारलं तर मधल्या वेळच्या वडापावाचे पैसे हमखास निसटतात. २०२२-२३च्या घरगुती उपभोग खर्च सर्वेक्षणापासून त्यांनी प्रश्नावलीचे तीन भाग करून एकाच घरी तीन वेगवेगळ्या महिन्यांत जायला सुरुवात केली. तेही शहाणपणाचं आहे, कारण दीड तासानंतर माणूस "लिहा काय ते" म्हणतो, आणि लिहिणारा खरोखरच काय ते लिहितो.

आता घर म्हणजे काय, हे ठरवायला हवं. पत्ता किंवा रेशनकार्ड धरून चालत नाही. आम्ही चूल धरतो: जे एका चुलीवर जेवतात ते एक घर. पण वस्तीतली चूल बहुधा दोन ठिकाणी पेटते. तुर्भे स्टोअर वस्तीत खोली, आणि जालना-परभणीकडे दोन एकर कोरडवाहू जमीन, म्हातारी आई, एखादं शिकणारं पोर. पैसे इकडून तिकडे जातात: बियाणं, खत, आईच्या गोळ्या, भावकीतलं लग्न. धान्य तिकडून इकडे येतं: ट्रॅव्हल्सच्या टपावरून ज्वारीचं पोतं, डब्यात तूरडाळ. इथलं एकट्याचं लिहिलं तर खर्च फुगतो आणि खाणं कमी दिसतं. गावचं एकट्याचं लिहिलं तर गाव हवेवर जगतंय असं वाटतं. म्हणून प्रत्येक पानावर मधोमध उभी रेघ, डावीकडे "इथे", उजवीकडे "गावी". कागद मात्र एकच. ग्रामीण गरिबी आणि शहरी गरिबी अशी दोन खाती वेगळी काढणाऱ्यांनी असे थोडे कागद भरून पाहावेत. घर एकच असतं, गरिबी तेवढी दोन ठिकाणी भाड्याने राहते.

कधी जायचं यावर निम्मं काम अवलंबून आहे. पाड्यावर पौष-माघात गेलात तर सगळ्यात गरीब घरांना कुलूप असतं, किंवा दाराला नुसती काटकी अडकवलेली असते. ती माणसं दिवाळीनंतरच भिवंडी, पडघा, कल्याण, पनवेल इकडच्या वीटभट्ट्यांवर गेलेली असतात. जे भेटतात ते त्यातल्या त्यात बरे: अंगणवाडीत नोकरी असलेले, स्वतःचं भातशेत असलेले, म्हातारे. तेवढ्यांचे कागद भरून सरासरी काढली की पाडा सुखी दिसतो. पाड्यावर जायचं ते आषाढात, आवणी, म्हणजे भाताची लावणी, उरकत आली की. आणि तीच घरं माघ-फाल्गुनात भट्टीवर गाठायची. कुलूपबंद घराचीही नोंद करायची, शेजाऱ्याकडून कुठे गेलेत ते विचारून. वस्तीत उलटं होतं. मे महिन्यात अर्धी वस्ती गावी असते. दुपारी बारा ते तीन घरकामाला जाणाऱ्या बायका दोन कामांच्या मधे घरी येतात तेव्हा भेटतात, पण तीच त्यांची जेवायची आणि पाणी भरायची वेळ. संध्याकाळी सातनंतर बरं. नाक्यावरचे कामगार सकाळी आठ ते दहा नाक्यावरच भेटतात. साडेदहापर्यंत कुणी उचललं नाही तर दिवस गेला, मग तो माणूस बोलायला मोकळा असतो आणि बोलतोही खरं.

घरं निवडताना मुख्य रस्त्यावरून आत चालत जाण्याचा मोह टाळावा. डोंगरावरच्या वस्तीत रस्त्याला लागून असलेल्या खोल्या पक्क्या, वर माळा चढवलेल्या. बऱ्याच ठिकाणी तिथे मालकच राहतो. वर चढत जाल तसं पत्रा, मग ताडपत्री, आणि दरड कोसळण्याची भीती. पाण्याचा नळ जिथे संपतो तिथून सुरुवात करावी. आम्ही वस्तीचा हाताने काढलेला नकाशा घेतो, त्यावर नळ, संडास, वाण्याची दुकानं, नाला मांडतो, आणि प्रत्येक पट्ट्यातून सारखी घरं घेतो.

खर्चाचं पान भरताना एकच नियम: किती रुपयांचं घेतलं एवढ्यावर थांबायचं नाही, पुडी केवढी तेही लिहायचं. रोजची मजुरी रोज हातात येते, म्हणून सामानही रोजचं येतं. पाच रुपयांची चहापूड, दहा रुपयांचं सुटं तेल, एका वेळचा शाम्पू. एकदा दुकानातून त्या पुड्या आणून काट्यावर वजन करावं आणि किलोचा भाव काढावा. मोठ्या पाकिटापेक्षा तो महाग पडतो, हे सगळ्यांना माहीत असतं, पुडी घेणाऱ्या बाईलाही. "महिन्याचं भरलं तर स्वस्त पडतं ना मावशी?" असं विचारणाऱ्या नव्या मुलाला तुर्भ्यात उत्तर मिळालं होतं, "पडतं. महिन्याचे दे." जळणाचं तसंच. सिलिंडर एकदम भरायला पैसे नसले की किलोवर गॅस भरून घेतात. तो बेकायदा आहे, धोक्याचाही आहे आणि महागही. पाणी मोजताना लिटरवर आणावं: पिंप केवढं, पैसे किती, किती दिवस पुरतं. वीजबिल बऱ्याच खोल्यांत मालकाच्या मीटरवरून येतं आणि युनिटचा भाव मालक ठरवतो. बिलाचा कागद मागू नये, तो भाडेकरूकडे नसतो. गेल्या महिन्यात किती दिले तेवढं विचारावं. सार्वजनिक संडासाचे पैसे घरात माणसं किती यावर रोज लागतात. हा खर्च कुणी आपणहून सांगत नाही.

दारू, तंबाखू, गुटखा. थेट विचारलं तर "नाही" किंवा "कधीतरी". "दिवसाला किती पुड्या लागतात?" असं विचारलं की आकडा येतो. आणि इथे शेरा मारायचा नाही. सिमेंटच्या गोण्या वाहणारा माणूस संध्याकाळी का पितो, हे त्याला आपण समजावून सांगायची गरज नसते. कागदाला फक्त आकडा हवा.

खर्चाचा कागद बायकांकडून, कामाच्या दिवसांचा कागद ज्याचा त्याच्याकडून. पुरुषाला भाज्यांचे भाव माहीत नसतात, बाईला साइटवरची थकबाकी. सासू समोर बसलेली असली तर सून माहेरून आणलेले हातउसने सांगत नाही. त्यासाठी पाण्याच्या रांगेत गाठावं.

कामाच्या दिवसांचं पान आमच्या मते सगळ्यात जास्त सांगतं. तीस चौकटी, आणि प्रत्येकीत एक अक्षर. का म्हणजे काम मिळालं. ना म्हणजे नाक्यावर उभा राहिला, पण काम नाही. आ आजार, गा गावी, स सण किंवा साइटला सुट्टी. आणि पै: काम झालं, पैसे बुडाले. ही शेवटची खूण आम्ही सुरुवातीपासून ठेवली, कारण नाक्यावरून नेणारा ठेकेदार "उद्या देतो" म्हणतो आणि उद्या दुसऱ्या नाक्यावर जातो. तीस दिवस मागचे एकदम कुणालाच आठवत नाहीत. दर आठवड्याला जाऊन सात चौकटी भरायच्या, असं चार वेळा, आणि उरलेले दिवस शेवटच्या फेरीत.

नमुन्यादाखल एक भरलेलं पान घेऊ. का १३, ना ७, आ ३, गा २, स ३, पै २. बिगाऱ्याची हजेरी ७०० धरली तर हातात ९,१००. हाच माणूस "दहा-बारा हजार" म्हणाला असता. ते खोटं नाही, बऱ्या महिन्याचा तो आकडा असतो, आणि माणूस आपली ओळख बऱ्या महिन्यावरून देतो. पण पान बघताना रुपयांपेक्षा ना आणि पै या खुणा मोजाव्यात. हा माणूस कामावर जायला तयार होता असे दिवस २२: तेरा, सात आणि दोन मिळून. त्यातल्या नऊ दिवसांचे पैसे आले नाहीत. त्यांतल्या सात दिवशी तो डबा बांधून, नाक्यापर्यंत भाडं भरून उभा होता. आळस हा शब्द ज्यांच्या तोंडी असतो त्यांना हे पान दाखवावं, बोलावं काही नाही.

अशी पानं वर्षभर भरली की एक गोष्ट ठळक दिसते: जून. बांधकाम मंदावतं, ना वाढतात. त्याच महिन्यात शाळा उघडते, दप्तर-वह्या-फी. छपरावर नवी ताडपत्री घालावी लागते. गावी पेरणीला पैसे पाठवायचे असतात. आणि डोंगरउतारावर पाणी साचून ताप सुरू होतात. जमा तळाला आणि चार खर्च एकदम. पाड्यावर ही खाई दोन महिने उशिरा येते: आषाढात आवणीची मजुरी असते, श्रावण-भाद्रपदात शेतात काम नाही, भट्टी बंद, आधीचं भात संपलेलं, नवं कापणीला यायचंय. कर्जाच्या तारखा जुळवून पाहिल्या तर शहरातली बरीचशी जूनमध्ये आणि पाड्यावरची भाद्रपद ते दिवाळी या टप्प्यात पडतात. भट्टीच्या कामापोटी दिवाळीत आगाऊ मिळणारी उचल पाड्यावर गोड का लागते, ते इथे कळतं.

आता कर्ज. "कर्ज आहे का?" याला उत्तर "नाही." कर्ज म्हणजे बँकेचं, असं डोक्यात असतं.

"कर्ज नाय आमच्यावर."
"वाण्याकडे किती मांडलंय?"
"ते होय. ते अठराशे असंल."
"आणि गटाचं?"
"गटाचं हप्त्यानं चाललंय की."
"मंगळसूत्र घरातच आहे ना ताई?"

यावर ती गप्प राहिली तर पुढच्या वेळी विचारावं. कर्जाच्या पानावर आम्ही माणसं लिहितो, प्रकार नाही: वाणी, घरमालक, मुकादम, ठेकेदार, भिशी, बचत गट, मायक्रोफायनान्सवाला, सोनार, जिथे धुणीभांडी करते त्या घरची बाई, भाऊ, सावकार. एकेकाचं नाव न घेता नातं घ्यायचं आणि "त्यांना काही द्यायचंय का, त्यांच्याकडून काही यायचंय का" असं दोन्ही बाजूंनी विचारायचं. येणंही निघतं, आणि ते बहुधा ठेकेदाराकडे अडकलेलं असतं.

व्याज वर्षावर आणल्याशिवाय तुलना होत नाही. सावकाराचा "पाच टक्के" म्हणजे महिन्याला पाच, सालाचे साठ. त्याहून फसवा प्रकार रोजवसुलीचा. समजा १०,०००च्या नावाने ९,००० हातात दिले आणि रोज १०० रुपये शंभर दिवस घ्यायचे. ऐकायला "दहा टक्के". पण मुद्दल रोज परत जात असतं, म्हणजे सरासरी साडेचार हजारच वापरायला मिळतात, तेही शंभर दिवस. हिशेब केला तर सालाला ऐंशी टक्क्यांच्या आसपास पडतो. हातगाडीवाल्यांत आणि भाजीवाल्या बायकांत हे चालतं, कारण सकाळी माल उचलायला रोख लागते आणि संध्याकाळी शंभर रुपये निघतात. महाग आहे हे त्यांना कळतं; दुसरं कुणी पहाटे चारला पैसे देत नाही.

मायक्रोफायनान्सचं हप्त्यांचं कार्ड मिळालं तर तारखा उतरवून घ्याव्यात. रिझर्व्ह बँकेने १ एप्रिल २०२२पासून नियम केला आहे: घराचं वार्षिक उत्पन्न तीन लाखांपर्यंत असेल तर हे बिनतारण कर्ज, आणि घरावरच्या सगळ्या कर्जांचे हप्ते मिळून महिन्याच्या उत्पन्नाच्या निम्म्याच्या वर जाता कामा नयेत. नियम चांगला आहे. फसतो तो उत्पन्नाच्या रकान्यात, कारण तिथेही बऱ्या महिन्याचाच आकडा लिहिला जातो. वर दिलेल्या घराचं उत्पन्न १२,००० लिहिलं तर हप्ता ६,०००पर्यंत नियमात बसतो. हातात ९,१०० आले त्या महिन्यात तोच हप्ता दोनतृतीयांश होतो. मग एका गटाचा हप्ता भरायला दुसऱ्या गटाचं कर्ज. तारखा शेजारी शेजारी मांडल्या की ही साखळी लगेच दिसते: एका कार्डावर पैसे मिळाल्याची तारीख आणि दुसऱ्या कार्डावरच्या थकलेल्या हप्त्याची तारीख यांत दोन-तीन दिवसांचं अंतर.

भट्टीचा हिशेब स्वतंत्र पानावर करावा. तिथे मजुरी माणसाला नाही, जोडीला असते: नवरा-बायको. पोरं मोफत. दर हजार विटांमागे, त्यातही फुटीच्या नावाने हजारामागे काही विटा जास्तीच्या पाडून घेतात. त्या किती, ते विचारून लिहायचं. पद्धत समजायला सोपे आकडे घेऊ. दिवाळीत उचल ३०,०००. हंगामात आठवड्याला खर्ची, म्हणजे घरखर्चाला मिळणारी आगाऊ रक्कम, १,५००, म्हणजे २६ आठवड्यांचे ३९,०००. अंगावर एकूण ६९,०००. थापणीचा दर हजारी ५०० आणि जोडी दिवसाला हजार विटा पाडते असं धरलं तर हे फिटायला १३८ दिवस लागतात. २६ आठवड्यांचे दिवस १८२; बाजाराचा आठवड्याचा एक दिवस वजा केला की उरतात १५६. म्हणजे ताप, बाळंतपण, मयत, माती वेळेवर न येणं, पाण्याचं इंजिन बंद पडणं, या सगळ्याला मिळून १८ दिवसांची मोकळीक. त्यात अवकाळी पाऊस आला की पाडलेल्या कच्च्या विटा विरघळतात आणि मोजणीत धरल्या जात नाहीत. तीस दिवस गेले तर काम १२६ दिवसांचं, जमा ६३,०००, बाकी ६,००० अंगावर. पुढच्या दिवाळीला उचल ३०,०००ची, हातात २४,०००. खर्ची तेवढीच, घर तेवढंच. दोन-तीन अवकाळी हंगाम लागोपाठ आले की ते घर त्या मालकाचं होतं.

कागदोपत्री यावर १९७६चा वेठबिगार निर्मूलन कायदा आहे. कर्जापोटी माणसाला कामाला बांधून ठेवणं ही वेठबिगारी, ते कर्ज कायद्याने रद्द, आणि सुटका झालेल्याला मुक्ततेचा दाखला मिळायला हवा. पण दाखल्यासाठी अधिकाऱ्यापुढे उचल किती, खर्ची किती, विटा किती हे सिद्ध करावं लागतं, आणि वही असते मुकादमाकडे. म्हणून भट्टीवर आम्ही दर आठवड्याला विटांचा आकडा वेगळ्या चिठ्ठीवर लिहून घेतो. लिहिता न येणाऱ्यांसाठी हजाराला एक रेघ, पाच रेघांचा गठ्ठा. महिन्याकाठी मुकादमाच्या वहीशी ताडून पाहायचं, ओरडाआरडा न करता.

आणखी एक पान आहे, ते आकड्यांचं नाही. घर आज जिथे आहे तिथे कसं पोचलं, त्याची रेघ. अनिरुद्ध कृष्ण या अभ्यासकाने राजस्थानात आणि पुढे इतरत्र वापरलेली पद्धत आम्ही थोडी बदलून घेतली आहे. गावकऱ्यांना एकत्र बसवून आधी ठरवायचं की हलाखीतल्या घराला थोडे पैसे आले की ते पहिलं काय करतं, मग काय, मग काय. पाड्यावर उत्तरं येतात: दोन वेळचं जेवण, अंगभर कपडा, पोराला शाळा, उचलीतून सुटणं, मग पत्रा. दिघ्यात "उचलीतून सुटणं" नसतं, त्या जागी "स्वतःची खोली" येते. मग प्रत्येक घर तेव्हा कुठल्या पायरीवर होतं आणि आज कुठल्या, ते सगळ्यांदेखत ठरवायचं. "वीस वर्षांपूर्वी" म्हणून चालत नाही. खूण लागते: मराठवाड्याकडच्यांना बहात्तरचा दुष्काळ म्हाताऱ्यांसाठी, किल्लारीचा भूकंप त्यानंतरच्यांसाठी, इकडच्यांना २००५च्या जुलैचा पूर, सगळ्यांना २०२०चा लॉकडाऊन. खाली आलेल्या घरांना वेगळं भेटून कारण विचारायचं, आणि पहिलं कारण सांगितलं की थांबायचं नाही. "दारूने वाटोळं केलं" हे बैठकीत येणारं कारण. घरी गेल्यावर कळतं की आधी साइटवरून पडून कंबर गेली, मग काम गेलं, मग बाटली. कृष्ण यांच्या अभ्यासांतही घरं खाली ओढणारं सगळ्यात मोठं कारण आजारपण आणि त्यावरचा खर्च हेच निघालं. आमच्या कागदांवरही खालच्या दिशेच्या रेघेवर पहिला ठिपका बहुतेक वेळा दवाखान्याचा असतो. वर जाण्याची कारणं वेगळीच असतात: एखाद्या पोराला कारखान्यात कायम काम, बोअरला लागलेलं पाणी, मुलीची नर्सिंगची नोकरी. आजारपण थांबवलं म्हणून माणूस आपोआप वर जात नाही, नोकरी मिळाली म्हणून आजारपण टळत नाही. एकाच योजनेत दोन्ही कोंबणाऱ्यांना हे सांगून थकलो.

सरकारी कागदांबद्दल थोडक्यात, कारण त्यावर सगळेच लिहितात. अन्नसुरक्षेच्या प्राधान्य यादीसाठी राज्याने वार्षिक उत्पन्नाची मर्यादा शहरात ५९,००० आणि खेड्यात ४४,००० ठेवली. ५९,०००ला बाराने भागा: ४,९१६. महिन्यात आठ दिवस काम मिळालेला बिगारीही त्याच्या वर जातो. म्हणजे शहरात खरं उत्पन्न सांगणारा यादीबाहेर, आणि धान्य हवं तर खोटं सांगायचं. सर्वेक्षणात लोक उत्पन्न कमी का सांगतात, त्याचं उत्तर या भागाकारात आहे. कार्ड गावचं असेल तर माणशी पाच किलो धान्य इथल्या दुकानातही उचलता येतं. घरचे गावी असतील तर त्यांच्या वाट्याचं तिकडे, याच्या वाट्याचं इकडे. हे पुष्कळांना ठाऊक नसतं. ठाऊक असलं तरी सिमेंटने झिजलेला अंगठा यंत्रावर उठत नाही, तेव्हा घरातल्या ज्या माणसाचा उठतो त्याला न्यावं. बांधकाम कामगार मंडळाच्या नोंदणीला वर्षात ९० दिवस काम केल्याचा दाखला लागतो. रोज वेगळा ठेकेदार असणाऱ्याला तो कोण देणार? नियमात महापालिकेच्या किंवा ग्रामपंचायतीच्या दाखल्याची सोय आहे. तिथे आमची का-ना-पै ची पानं जोडून दिली तर निदान बोलणं सुरू होतं.

सगळी पानं झाली की ताळा. इथे आणि गावी मिळून जमा, अधिक घेतलेलं कर्ज, अधिक विकलेलं किंवा गहाण ठेवलेलं. दुसरीकडे इथला आणि गावचा मिळून खर्च, अधिक फेडलेले हप्ते. दोन्ही बाजू दहा टक्क्यांच्या आत जुळल्या तर पान ठेवायचं. खर्च त्याहून जास्त निघाला तर बहुतेक वेळा एक कर्ज राहिलेलं असतं. हातउसने आधी तपासा, मग वाणी. जमा जास्त निघाली तर दवाखाना राहिलेला असतो किंवा दारू. उत्तर जुळवण्यासाठी आकडा फिरवायचा नाही, परत जायचं. परत गेल्यावर "तुम्ही चुकीचं सांगितलंत" असं म्हणायचं नाही, "आमचं काहीतरी लिहायचं राहिलं" म्हणायचं.

कागद घरच्यांना वाचून दाखवावा, संध्याकाळी, सगळे असताना. वर्षाचं व्याज एका आकड्यात ऐकलं की बऱ्याच घरांत वाद होतो. त्यात पडू नये. एक प्रत घरी, एक आमच्याकडे. नाव फक्त घरच्या प्रतीवर, आमच्या प्रतीवर चुलीचा क्रमांक. भट्टीच्या पानाला वेगळा नियम आहे. हंगाम चालू असताना ते कामगाराजवळ ठेवायचं नाही, कारण मुकादमाच्या हाती लागलं तर पुढच्या दिवाळीची उचल अडते. पाऊस पडून भट्टी बंद झाली आणि हिशेब झाला की मग पाड्यावर नेऊन द्यायचं, आणि मुकादमाने सांगितलेली बाकी त्याच्याच खाली दुसऱ्या शाईने लिहायची.